परवाना कोणाचा सुटला?
देशाची आर्थिक वाढ आणि आपले आदिवासी बांधव

(गारखेडा, छत्रपती संभाजीनगर येथे हितचिंतकांच्या वार्षिक मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



दरवर्षी या मेळाव्यात आपण कामाचा अहवाल ऐकतो. वसतिगृहात मुले किती, आरोग्य शिबिरे किती झाली, शिवणवर्गातून किती मुली बाहेर पडल्या. तो अहवाल यंदाही छापलेला आहे व तुमच्या हातात आहे. समितीने मला मात्र वेगळा विषय दिला : देशाची आर्थिक वाढ आणि त्यात आपल्या आदिवासी बांधवांचा वाटा. मी म्हटले, हा प्राध्यापकांचा विषय आहे. माझ्याजवळ ईश्वरविज्ञानाची पदविका आहे. बाकीचे शिक्षण कन्नड, सोयगाव, वैजापूर या तालुक्यांतल्या भिल्ल वस्त्यांवर झाले. समितीचे म्हणणे पडले की तिथूनच सांगा. म्हणून उभी आहे.

सुरुवात आपल्याच परिसरापासून करू. गारखेडा हे एके काळी शहराबाहेरचे गाव. आज इथे विभागीय क्रीडा संकुल आहे, शाळा-कॉलेजे आहेत, दवाखाने आहेत, आणि घरांच्या किमती ऐकल्या की आमच्यासारख्यांनी पाणी मागावे अशा आहेत. सूतगिरणी चौकातून तुम्ही रोज जाता. चौकाला नाव गिरणीचे आहे, गर्दी मात्र दुकानांची, रिक्षांची आणि क्लासला निघालेल्या मुलांची आहे. एका पिढीत इतका बदल कुठून आला?

आला तो मुख्यतः कारखान्यांतून. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ, ज्याला आपण सगळे एमआयडीसी म्हणतो, ते १९६२ साली स्थापन झाले. आपल्या शहरात आधी रेल्वे स्टेशनजवळ आणि चिकलठाण्याला कारखाने आले. पुढे वाळूज आले. १९८५ साली बजाज ऑटोचा वाळूजचा कारखाना सुरू झाला आणि त्याच्या मागे सुटे भाग करणारे लहानमोठे शेकडो धंदे आले. मग शेंद्रा आले, तिथे मोटारी जुळवू लागले. ७ सप्टेंबर २०१९ रोजी पंतप्रधानांच्या हस्ते शेंद्र्याच्या ऑरिक नगरीचे लोकार्पण झाले. शेंद्रा आणि बिडकीन मिळून ती साधारण १०,००० एकरांची आहे. आणि २०२४ च्या जुलैमध्ये टोयोटा किर्लोस्करने इथे सुमारे २०,००० कोटी रुपयांच्या गुंतवणुकीचा करार राज्य सरकारशी केला.

इथे बसलेल्यांपैकी कितीतरी घरांची चूल या कारखान्यांनी पेटती ठेवली. आजोबा गावात सालगडी, वडील कंपनीत हेल्पर, मुलगा इंजिनिअर, अशी घरे मी या सभागृहात बोटाने दाखवू शकते. मंडळीच्या इमारतीचा स्लॅब कोणाच्या ओव्हरटाइमच्या पैशातून पडला हेही आपल्याला ठाऊक आहे. ही वाढ खरी आहे आणि त्याबद्दल देवाचे उपकार मानले पाहिजेत. विकासाला नावे ठेवायला मी आलेली नाही.

आता १९९१ सालाकडे येते, कारण तिथे एक गाठ सुटली. तरुणांना ते साल पुस्तकात भेटते. ज्येष्ठांना आठवत असेल. त्याआधी कारखाना काढायचा तर दिल्लीचा परवाना लागे. किती माल काढायचा हेही परवान्यात लिहिलेले असे. त्याचा परिणाम घराघरात दिसायचा. स्कूटर नोंदवली की वर्षानुवर्षे वाट पाहायची. मुलगा शाळेत असताना नोंदवलेली स्कूटर त्याच्या लग्नात मिळाली, असे विनोद लोक करत. टेलिफोनचे तसेच, गॅसचे तसेच.

१९९१ च्या उन्हाळ्यात देशाच्या तिजोरीत परकीय चलन इतके आटले की जेमतेम दोन-तीन आठवड्यांची आयात भागेल. सोने परदेशात गहाण टाकावे लागले. ज्याच्या घरात मंगळसूत्र गहाण पडले आहे त्याला त्या वेळची नामुष्की वेगळी समजावून सांगायला नको. पंतप्रधान पी. व्ही. नरसिंह राव होते. ते आपल्या रामटेकचे खासदार राहिलेले, मराठी उत्तम बोलणारे. अर्थमंत्री डॉ. मनमोहन सिंग होते. २४ जुलै १९९१ रोजी अर्थसंकल्प मांडला गेला आणि त्याच दिवशी नवे औद्योगिक धोरण जाहीर झाले. बहुतेक उद्योगांसाठी परवान्याची अट निघाली. रुपयाची किंमत त्याआधीच, जुलैच्या पहिल्या आठवड्यात, कमी केली होती. परदेशी भांडवलाला दार उघडले.

पुढे काय झाले ते आपण पाहतोच. १९९१ साली देशाचे एकूण उत्पन्न साधारण २७० अब्ज डॉलर होते. २०२३ मध्ये ते साडेतीन लाख कोटी डॉलरच्या पुढे गेले. गरिबीही कमी झाली. तेंडुलकर समितीच्या पद्धतीने मोजले तर १९९३-९४ मध्ये देशातले शेकडा ४५.३ लोक दारिद्र्यरेषेखाली होते. २०११-१२ मध्ये हा आकडा २१.९ वर आला. अठरा वर्षांत निम्म्याहून कमी. ज्या देशात दुष्काळाला लोक भुकेने मरत, त्या देशासाठी ही लहान गोष्ट नव्हे.

आता त्याच २०११-१२ च्या मोजणीतला दुसरा आकडा ऐका. ग्रामीण भागातल्या अनुसूचित जमातींमध्ये, म्हणजे आपल्या आदिवासी बांधवांमध्ये, दारिद्र्यरेषेखाली किती होते? शेकडा ४५.३. आकडा तोच आहे. सगळा देश १९९३-९४ मध्ये जिथे उभा होता, तिथे खेड्यातला आदिवासी २०११-१२ मध्ये उभा होता. आपल्यापेक्षा अठरा वर्षे मागे. अठरा वर्षे म्हणजे एक मूल जन्मून मतदार होण्याइतका काळ. त्या अठरा वर्षांत एका पिढीचे शिक्षण होते किंवा बुडते.

हे का झाले? आदिवासी आळशी आहे, पितो, पैसा टिकवत नाही, असे मला अगदी चांगल्या, देवभीरू माणसांनी सांगितले आहे. त्यांना मी एकच विनंती करते. ऊसतोडीच्या हंगामात पहाटे तीनला थळात या, थंडीत ऊस तोडून, मोळ्या बांधून, डोक्यावरून गाडीत भरणारी बाई पाहा आणि मग आळसाबद्दल बोलू. कारण दुसरीकडे आहे. १९९१ साली कारखानदाराचा परवाना सुटला. आदिवासीचा परवाना तसाच राहिला.

हे कसे ते सांगते. गौताळ्याच्या बाजूच्या एका वस्तीवर एक वयस्क बाबा डिंक आणि सीताफळे गोळा करून विकत. मी त्यांना विचारले, बाजारात नेऊन चांगला भाव का घेत नाही? ते म्हणाले, "ताई, रानातून आणलं की आधी साहेबाची भीती, मग बाजाराची. व्यापारी वस्तीवर येतो, तो म्हणंल तो भाव." त्यांना अर्थशास्त्र येत नव्हते, पण परवाना राज म्हणजे काय ते त्यांनी दोन वाक्यांत सांगितले.

याचे मोठे उदाहरण गडचिरोलीचे आहे. धानोरा तालुक्यात मेंढा (लेखा) नावाचे गोंड आदिवासींचे गाव आहे. संसदेने २००६ साली वनहक्क कायदा केला. त्यात बांबूला गौण वनोपज म्हटले आणि गावाला त्यावर हक्क दिला. २००९ मध्ये मेंढ्याला सामूहिक वनहक्क मिळाला. तरी बांबू तोडून बाहेर न्यायचा तर वाहतुकीचा परवाना वनखात्याकडूनच हवा, आणि तो मिळेना. बांबू आपला, पण गावाबाहेर नेता येत नाही. शेवटी २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण त्या गावात गेले आणि वाहतूक परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले. त्यानंतर गावाने बांबू स्वतः विकला, तोडणीची मजुरी स्वतः ठरवली.

तारखा जुळवून पाहा. कारखान्याचा परवाना १९९१ ला सुटला आणि एका आदिवासी गावाचा बांबू २०११ ला. मध्ये वीस वर्षे. १९२७ च्या वन कायद्यात बांबू हे झाड धरले होते. शेतातला बांबू त्या व्याख्येतून काढायला २०१७ साल उजाडले. ज्याला बाजारात माल नेण्याची मोकळीक मिळाली तो वाढला. ज्याला ती उशिरा मिळाली तो मागे राहिला. यात स्वभावाचा किंवा जातीचा काही संबंध नाही.

दुसरे कुलूप कागदाचे आहे. आपल्या जिल्ह्यातल्या आदिवासी मुलाला आयटीआयमध्ये, कॉलेजात राखीव जागा आहे, शिष्यवृत्ती आहे. त्यासाठी जमातीचा दाखला हवा, आणि पुढे पडताळणी. दाखल्यासाठी ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचा पुरावा मागतात. आता विचार करा. ज्याचे आजोबा कधी शाळेत गेले नाहीत, ज्यांच्या नावावर जमीन नव्हती, जे पोटासाठी गावोगाव फिरले, त्यांचा १९५० पूर्वीचा कागद कुठून येणार? आपण मराठवाड्यातले लोक. तेव्हा इथे नुकतेच निजामाचे राज्य संपले होते, आणि जुने महसुली कागद उर्दूत आहेत. कोतवाल बुकाची नक्कल मिळाली तरी ती वाचून देणारा माणूस शोधावा लागतो.

एका मुलाची गोष्ट सांगते. नाव सांगत नाही, कारण तो आता नोकरीत आहे. दहावीला गुण चांगले होते. फिटरच्या ट्रेडला नंबर लागला असता. दाखला वेळेत मिळाला नाही आणि ते वर्ष गेले. वडील म्हणाले, आता कोयत्याला चल. आमच्या कार्यकर्त्यांनी अकरा खेपा घातल्या. आजोबांच्या चुलतभावाच्या शाळेच्या दाखल्यात जमातीची नोंद सापडली आणि त्यावरून काम झाले. पुढच्या वर्षी तो आयटीआयला गेला. एका कागदासाठी एक वर्ष. ज्या मुलांमागे अकरा खेपा घालणारे कोणी नसते, ती सरळ उसाच्या फडात दिसतात.

तिसरे कुलूप आहे उचल. ऊसतोडीचा व्यवहार ग्रामीण भागातून आलेल्यांना ठाऊक आहे, शहरातल्या मुलांसाठी थोडक्यात सांगते. नवरा-बायको मिळून एक कोयता. दिवाळीच्या आगेमागे मुकादम त्यांना आगाऊ रक्कम देतो, ती उचल. कोणाला पन्नास हजार, कोणाला लाखाच्या वर. तिच्यातून लग्नाचे कर्ज फिटते, दवाखान्याचे बिल भागते. मग पाच-सहा महिने राबून ती फेडायची. हंगामाच्या शेवटी हिशेबात फिटली नाही तर बाकी पुढच्या वर्षावर. कागदावर व्याज दिसत नाही, पण पुढच्या वर्षी कोणाकडे जायचे हे ठरवण्याचे स्वातंत्र्य गहाण पडलेले असते. मूल बरोबर गेले की शाळा सुटते. म्हणूनच हंगामी वसतिगृहे आणि नातेवाइकांजवळ मुलांना मागे ठेवण्याची सोय यांवर आपण इतका भर देतो.

याच पैशाच्या प्रश्नाची दुसरी बाजू आपल्या शहराला चांगली माहीत आहे. २०१० साली आपल्या शहरातल्या उद्योजक-व्यावसायिकांनी एका वेळी १५० मर्सिडीज मोटारी घेतल्या. साधारण ६५ कोटींचा व्यवहार. देशभर बातमी झाली आणि आपल्यालाही जरा मिरवल्यासारखे वाटले. त्या मोटारींसाठी बँकेने सात टक्क्यांनी कर्ज दिले आणि त्याच वेळी शेतकऱ्याला ट्रॅक्टरचे कर्ज बारा टक्क्यांनी पडत होते, हे पत्रकार पी. साईनाथ यांनी लिहून दाखवले. घेणाऱ्यांनी काही गुन्हा केला नाही. ज्याच्याकडे तारण आहे त्याला पैसा स्वस्त मिळतो, असा बँकेचा हिशेब. मग ट्रॅक्टरही नसलेल्या भिल्ल बाईला तो किती महाग पडतो? खासगी सूक्ष्म कर्ज देणाऱ्यांचा दर वर्षाला शेकडा वीसच्या पुढे असतो आणि हप्ता ठरलेल्या दिवशी दारात येऊन मागितला जातो. ज्याला सर्वांत कमी परवडते त्याला सर्वांत महाग पैसा.

मागच्या रांगेतून मला एक प्रश्न नेहमी विचारला जातो, म्हणून आधीच घेते. "ताई, वाढ झाली की हळूहळू खालपर्यंत पोहोचेलच ना? थोडा धीर धरायला नको का?"

प्रामाणिक उत्तर असे की काही प्रमाणात पोहोचते. नंदुरबार आपल्या राज्यातला सर्वांत आदिवासीबहुल जिल्हा; तिथे दहात सात माणसे आदिवासी आहेत. नीती आयोगाने शिक्षण, आरोग्य, राहणीमान अशा अनेक बाजूंनी गरिबी मोजली. २०१५-१६ च्या पाहणीत नंदुरबारमधले निम्म्याहून जास्त लोक गरीब ठरले. २०१९-२१ च्या पाहणीत हे प्रमाण साधारण एक तृतीयांशावर आले. चार-पाच वर्षांत इतकी घट ही आनंदाची गोष्ट आहे. वीज आली, गॅस आला, बँकेत खाते आले, त्याचा हा परिणाम. पण तेव्हाच सगळ्या महाराष्ट्राचे प्रमाण शेकडा आठच्याही खाली आले होते. अंतर अजून मोठे आहे. शिवाय वीज काही उताराने वाहत आली नाही. कोणीतरी खांब उभे केले, कोणीतरी त्यासाठी पैसा बाजूला काढला. वाढीतून पैसा तयार होतो. तो वस्तीपर्यंत नेणे हे वेगळे काम आहे आणि ते माणसांना करावे लागते.

महाराष्ट्राने हे एकदा फार चांगले करून दाखवले आहे, आणि त्याची खूण तुमच्या खिशात आहे. पगारपत्रक काढून पाहा. त्यात व्यवसाय कर म्हणून महिन्याला २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापलेले दिसतील. वर्षाचे २,५०० झाले. बहुतेकांना वाटते, सरकारची आणखी एक कात्री. तिची कथा अशी. वि. स. पागे हे विधान परिषदेचे सभापती होते. १९६५ साली त्यांनी सांगली जिल्ह्यात, तासगाव तालुक्यातल्या विसापूर इथे एक प्रयोग सुरू केला : जो काम मागेल त्याला काम द्यायचे. मग १९७२ चा दुष्काळ आला. आपल्या मराठवाड्यातल्या ज्येष्ठांना सुकडी आणि खडी फोडण्याचे दिवस आठवत असतील. त्या दुष्काळात या कल्पनेने लाखो माणसे जगवली. पैसा कुठून आणायचा? १९७५ साली शहरातल्या नोकरदार व व्यावसायिकांवर हा कर बसवला गेला आणि जितका कर जमेल तितकीच भर सरकारने घालायची असे ठरले. १९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. काम मागणे हा हक्क झाला. २००५ साली देशाने जो रोजगार हमी कायदा केला, त्याच्या मुळाशी महाराष्ट्राचा हा अनुभव होता.

म्हणजे वाळूजच्या कंपनीतला कामगार आणि दुष्काळी गावातली खडी फोडणारी बाई, यांची गाठ कायद्याने बांधली होती. शहर वाढले की कर वाढेल, कर वाढला की गावातल्या बाईला काम मिळेल. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. तिच्यात कोणी कोणावर उपकार केलेले नाहीत.

शास्त्राच्या अभ्यासकांना इथे सरव्याचा नियम आठवेल. मोशेच्या नियमशास्त्रात शेतकऱ्याला सांगितले होते की शेताच्या कडा पूर्ण कापू नकोस, पडलेली कणसे पुन्हा वेचू नकोस. ती गरिबासाठी आणि उपऱ्यासाठी राहू दे. रूथ बवाजाच्या शेतात गेली ती भीक मागायला गेली नव्हती. तिच्यासाठी राखून ठेवलेले वेचायला, स्वतःच्या हाताने कष्ट करायला गेली होती. बवाजाने आणखी एक गोष्ट केली. आपल्या गड्यांना ताकीद दिली की तिला कोणी त्रास देऊ नये. शेतात जायला वाट आणि तिथे सुरक्षितपणा, या दोन्ही गोष्टी तिला मिळाल्या. आजच्या भाषेत बोलायचे तर रूथचा परवाना सुटला.

आपल्या पूर्वजांनीही हे ओळखले होते. आपल्या शेजारी जालन्याला एकोणिसाव्या शतकात रेव्हरंड नारायण शेषाद्री यांनी बेथेल नावाचे गाव वसवले. निजामाचे दिवाण सालारजंग यांच्याकडून जमीन मिळवली. तिथे प्रार्थनामंदिर उभे राहिले, त्याबरोबर शेती, शाळा आणि हातांना कसबही आले. माणसाला नुसता उपदेश करून पाठवू नये, त्याला उभे राहायला जागा आणि कमवायला हुन्नर द्यावा, ही समज आपल्या भागातल्या मंडळ्यांना इतकी जुनी आहे. जुने कपडे गोळा करून वाटण्याची पद्धत नंतरची.

आता शेवटचा आणि कामाचा भाग. तुम्ही काय करू शकता? मी चार गोष्टी मागते. एकीलाही मोठी देणगी लागत नाही.

पहिली. तुमच्यापैकी बरेच जण सरकारी खात्यांतून निवृत्त झाले आहेत. तहसील, शिक्षण, भूमी अभिलेख. जुने कागद कुठे मिळतात आणि अर्ज कसा लिहायचा हे तुम्हाला हाताच्या रेषांसारखे ठाऊक आहे. काही ज्येष्ठांना अजून उर्दू वाचता येते. महिन्यातून एक दिवस द्या. दाखल्याच्या शिबिरात बसा. तुमच्या एका सकाळीने एका मुलाचे वर्ष वाचेल.

दुसरी. इथे लहान कारखाने चालवणारे, वर्कशॉप असणारे बांधव आहेत. आपल्या वसतिगृहातून आयटीआय झालेल्या मुलांना शिकाऊ म्हणून घ्या. मात्र ठेकेदाराच्या वहीत नाव घालून घेऊ नका. बँक खात्यात पगार, पीएफ आणि हजेरीची नोंद, इतके तरी करा. ऑरिकमध्ये आणि बिडकीनला नवे कारखाने येतील तेव्हा अनुभवाचा दाखला असलेला मुलगा आत जाईल आणि नसलेला फाटकाबाहेर बिगारी म्हणून उभा राहील. हा फरक आज ठरतो आहे.

तिसरी. गारखेड्यात, शिवाजीनगरात, बीड बायपासला घरे बांधणाऱ्यांनी ऐका. बांधकामाच्या खर्चावर एक टक्का उपकर कामगार कल्याणासाठी घेतला जातो. तो पैसा बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडे जमा होतो. त्यातून नोंदणी असलेल्या कामगाराच्या मुलांना शिष्यवृत्ती मिळते, बाळंतपणाला मदत मिळते. पण नोंदणीसाठी वर्षात ९० दिवस बांधकामावर काम केल्याचे प्रमाणपत्र लागते. सकाळी चौकात उभ्या असणाऱ्या भिल्ल जोडप्याला ते कोण देणार? आज या साइटवर, उद्या त्या. तुमच्या घराचा ठेकेदार ते देऊ शकतो. स्लॅब पडायच्या आधी त्याला विचारा : माझ्या घरावर राबणाऱ्यांची नोंदणी झाली आहे का? नसेल तर प्रमाणपत्र देशील का? त्याला मालकाचे ऐकावे लागते. आणि संध्याकाळची मजुरी संध्याकाळीच द्या. उद्या ये म्हटले की तिचे उद्याचे काम बुडते. मजुराची अडवून ठेवलेली मजुरी देवाच्या कानापर्यंत ओरडत जाते, हे याकोबाने आपल्या पत्रात फार कडक शब्दांत लिहिले आहे. आपण ते उपासनेत वाचतो. घर बांधतानाही आठवावे.

चौथी. बचत गटाच्या आमच्या बहिणींना सुरुवातीचे भांडवल हवे आहे. दान नको, कर्जच हवे, पण माणुसकीच्या दराचे. कोंबड्या, शेळ्या, पिठाची चक्की असे त्यांचे बेत आहेत. एका वस्तीवरच्या दहा बायकांनी गेल्या हंगामात ठरवले की या वर्षी दोन कोयते कमी जातील. दोन जोडपी गावात राहून शेळ्या सांभाळतील आणि सगळ्यांच्या शाळकरी मुलांना जेवू घालतील. दहांपैकी दोन. तुम्हाला हा आकडा लहान वाटेल. त्या वस्तीवर एवढ्याने अकरा मुलांची शाळा सुटली नाही.

बंधुभगिनींनो, या शहराची वाढ अजून होणार आहे. नवे रस्ते, नव्या मोटारी, जमिनीचे नवे भाव. ती होऊ द्या, तिच्यासाठी प्रार्थना करा, आपल्या मुलांना तिच्यासाठी तयार करा. फक्त आपल्या शेताच्या कडा ठेवा. आणि कोणी विचारले की आदिवासी मागे का, तर त्याच्या स्वभावावर बोलण्याआधी विचारा की त्याचा कोणता परवाना अजून अडला आहे, आणि तो सोडवायला आपल्यापैकी कोण जाऊ शकेल.

बाहेर टेबलावर चार कोरे कागद ठेवले आहेत, वर सांगितलेल्या चार कामांचे. चहा घ्यायला जाताना ज्याला जमेल त्याने एकावर आपले नाव लिहावे. पुढचे दाखल्याचे शिबिर कन्नडला आहे. सोमवारी आम्ही तुम्हाला फोन करू.

 देव तुमच्या हातच्या कामाला आणि वस्त्यांवरच्या आपल्या भावाबहिणींच्या हातच्या कामालाही यश देवो.